समाईक भांडी

समाईक मालमत्तेचे तंटे चालविण्यात आमची वीस वर्षे गेली. एका भाटाला सात भाऊ मालक असले म्हणजे त्यातील एक माड तोडण्यापूर्वी किती जणांची संमती लागते, हे आम्ही अशिलांस झोपेतही सांगू. असे असता समाईक वस्तू पुसतपास न करता काढून टाकण्याचा अपराध आमच्याच हातून, आणि तोही देवस्थानच्या कचेरीत, घडावा, हे सांगणे जड जाते. परंतु त्याचा आळ दुसऱ्यावर आला होता. म्हणून सांगणे भाग आहे.

रविवारी महाजनांची सभा होती. शनिवारी दुपारी कारकून भाई यादी छापावयास बसले, तो महाजनांच्या नोंदी असलेली आज्ञावलीच उघडेना. संगणकाच्या पडद्यावर एक चौकट उभी राही : 'व्हीसीरनटाइम140.डीएलएल' सापडत नाही, सबब काम चालविता येत नाही. भाईंनी काहीतरी पुसले असणार, असा निवाडा समितीतील दोघांनी उभ्याउभ्याच देऊन टाकला. आम्ही समितीचे मुखत्यार. आम्हीही उलटतपासणीच्या सुरात विचारले, "या यंत्राला आठवडाभरात कोणी हात लावला?" भाई सत्तरीचे. "वकीलबाब, हांवें कांयच काडूंक ना," एवढेच ते म्हणाले आणि खुर्ची सोडून दाराशी जाऊन उभे राहिले.

चौकटीतील ते नाव आम्ही इंटरनेटवर शोधले, तेव्हा तीच फाइल फुकट देऊ करणारी पाच-सहा संकेतस्थळे हात जोडून पुढे आली. एक उतरवून घेणार, इतक्यात आमच्या भाच्याला फोन करण्याची सुबुद्धी झाली. तो या व्यवसायातला. "मामा, रस्त्यावर मिळालेली निवाड्याची झेरॉक्स तुम्ही न्यायालयात दाखल कराल का?" त्याने विचारले. प्रमाणित प्रत जिथली तिथूनच घ्यावी लागते, हे आम्हांस कोणी शिकवायला नको होते. अशा सुट्या फाइलमध्ये कोणी काय भरले असेल याचा भरवसा नसतो. आणि ती निर्दोष असली तरी नेमकी आपल्याला हवी असलेल्या आवृत्तीची असेलच असे नाही.

मग त्याने डीएलएल म्हणजे काय ते समजावले. ते आम्ही आमच्या भाषेत सांगतो. गावात लग्नकार्य निघाले की मोठाले हंडे आणि तपेली देवस्थानच्या भांडारातून आणतात. प्रत्येक घराने आपापली बाळगण्याचे कारण नसते. विंडोजमध्ये नेहमी लागणारी कामे अशीच वेगळ्या फाइलींत ठेवलेली असतात आणि अनेक आज्ञावल्या त्याच फाइली वापरतात. त्यांस डायनॅमिक लिंक लायब्ररी म्हणतात. आज्ञावली सुरू होताना सामान्यतः आधी आपल्या घरात, म्हणजे स्वतःच्या फोल्डरात, पाहते. तेथे नसेल तर विंडोजच्या भांडाराकडे वळते. दोन्हीकडे नसेल तर ती चौकट!

यात तंटेही झाले आहेत. 1990च्या दशकात नवी आज्ञावली येई आणि भांडारातले तपेले काढून त्याच नावाचे आपले तपेले तेथे ठेवी. जुन्या आचाऱ्याचे माप चुके आणि त्याची आज्ञावली कोसळे. प्रोग्रामरांनी या अवस्थेला 'डीएलएल हेल', म्हणजे चक्क नरक, असे नाव दिले. पुढे विंडोज 2000मध्ये भांडाराच्या मूळ फाइलींवर पहारा बसला, आणि 2001च्या एक्सपीत एकाच नावाच्या निरनिराळ्या आवृत्त्या शेजारी शेजारी नांदण्याची सोय झाली.

"आता स्थापित आज्ञावल्यांची यादी उघडा," भाचा म्हणाला. "मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी++ या नावाच्या किती नोंदी दिसतात?"

एकही दिसली नाही. आणि आम्हांस घाम फुटला. मागल्या गुरुवारी यंत्र मंद चालते म्हणून आम्हीच ती यादी 'साफ' केली होती. एकाच नावाच्या सहा नोंदी, कोणापुढे 2010, कोणापुढे 2013, कोणापुढे 2015-2022. आम्ही त्यांस एकाच दस्ताच्या जादा नकला समजलो आणि एकजात काढून टाकल्या. त्या नकला नव्हत्या. जी आज्ञावली ज्या सालच्या साधनांनी बांधली, तिला त्या सालचा संच लागतो. 2015पासूनच्या आवृत्त्यांपुरता मात्र एकच संच चालतो.

भाच्याच्या सांगण्यावरून तो संच मायक्रोसॉफ्टच्याच संकेतस्थळावरून घेऊन बसविला. चौकट पुन्हा उभी! आमची आज्ञावली 32 बिटांची आणि आम्ही बसविलेला संच 64 बिटांचा. 64 बिटांच्या यंत्रावर दोन्ही ठेवावे लागतात. (तेथे 64च्या फाइली 'सिस्टिम32' या फोल्डरात आणि 32च्या 'सिसवॉव64' नावाच्या फोल्डरात असतात. व्याख्येच्या कलमात अशी करामत आम्ही कायद्यांतही पाहिली आहे.) दुसरा संच बसला आणि यादी उघडली. मग अभिषेकाच्या पावत्यांची आज्ञावली उघडून पाहिली, तर ती 'एमएसव्हीसीआर100.डीएलएल' मागू लागली; ते 2010च्या संचातले निघाले. तेही आणले. यादी छापून होईतो सांजारती सुरू झाली होती.

भाईंना आम्ही त्याच रात्री खरे ते सांगितले. रविवारी सभेच्या आरंभी महाजनांसमोरही सांगितले, आणि ज्या दोघांनी निवाडा दिला होता त्यांच्याकडे पाहून सांगितले. इतिवृत्त लिहिणारे भाईच. सभा संपल्यावर त्यांनी ते वाचून दाखविले : 'यादी छापताना तांत्रिक अडचण आली होती, ती दूर झाली.' आमचे नाव त्यात घालावे, अशी दुरुस्ती आम्ही सुचविली. भाईंनी टोपण लावून पेन खिशाला अडकविले.

"आतां प्रसादाक चलात, वकीलबाब," ते म्हणाले, आणि वही मिटून कपाटात ठेवावयास उठले.