घोळीच्या कानातले दप्तर

वसईच्या एव्हरशाईन सिटीतल्या आमच्या तिसऱ्या मजल्यावरच्या खोलीत, लिहिण्याच्या मेजावर, एका पितळी वाटीत दोन लहानसे खडे गेली काही वर्षे निवांत पडून आहेत. हस्तिदंताची आठवण व्हावी असा त्यांचा पिवळसर झाक असलेला शुभ्र वर्ण, चिंचोक्याएवढा आकार, आणि एका अंगाला इंग्रजी एल अक्षरासारखी कोरलेली खाच. तीही अशी की एकावरचे अक्षर सुलट, तर दुसऱ्यावरचे आरशात पाहिल्यासारखे उलट. माझ्या भाचीने अमेरिकेतल्या ईरी सरोवराच्या काठी वाळूतून ते वेचून आणले. तिकडे त्यांना भाग्याचे खडे म्हणतात आणि हौसेने खिशात बाळगतात. वस्तुतः ते गोड्या पाण्यातल्या एका माशाचे कर्णाश्म आहेत. डावा कान आणि उजवा कान, म्हणूनच एक अक्षर सुलट आणि एक उलट.

त्या माशाला 1819 साली राफिनेस्क या निसर्गवेत्त्याने ॲप्लोडिनोटस ग्रनियन्स असे नाव दिले. ग्रनियन्स म्हणजे घुरघुरणारा, आणि तिकडच्या रोजच्या बोलीतले त्याचे नावही ‘ड्रम’, म्हणजे ढोल. उत्तरेस हडसन उपसागराच्या परिसरापासून दक्षिणेस ग्वाटेमालापर्यंत एवढा लांबरुंद मुलूख त्याने व्यापला आहे, आणि सारे भाऊबंद बहुतांशी समुद्रात नांदत असता उत्तर अमेरिकेत जन्मभर गोड्या पाण्याला चिकटून राहिलेला या सायनिडी कुळातला तो एकटाच. तळाशी तोंड लावून तो चरतो. घशात दाढांसारखे बोथट, भक्कम दात असल्यामुळे गोगलगाई आणि शिंपले तो सुपारी फोडावी तसे फोडतो. समुद्राची एक खूण मात्र त्याने जपली आहे: त्याची अंडी नदीच्या तळाशी चिकटून न बसता तेलाच्या थेंबाच्या आधाराने पाण्यावर तरंगत जातात.

एवढे वाचून झाल्यावर माझ्या मनात साहजिकच प्रश्न उभा राहिला की, या परदेशी ढोलकऱ्याचे गणगोत आमच्या वसईच्या पाण्यात कोण असेल? त्याचे उत्तर कुठल्या ग्रंथात शोधण्याची गरज पडली नाही. ते आमच्या वसाहतीपासून हाकेच्या अंतरावर, सकाळच्या मासळीबाजारात, पाचूबंदराहून येणाऱ्या कोळीण मावशींच्या पाटीत, बर्फावर आडवे पडलेले होते. ढोमा, कोथ आणि या साऱ्यांची थोरली बहीण शोभेल अशी घोळ. अंगावर सोनेरी-रुपेरी छटा, पाठीवर आणि परांवर काळे ठिपके, आणि वाढ पूर्ण झाली तर लांबी दीड मीटरपर्यंत. त्या दिवशीची घोळ लहान होती. मावशींनी कोयत्याने तिचे डोके उभे चिरले, तेव्हा मी भीत भीत डोक्यातले दगड मागितले.

“दगड कशाला पायजेत, दादा?” त्या म्हणाल्या. “डोकं न्या, कालवण झकास होतं.”

पण त्यांनी दगड दिले, आणि त्यांचे पैसे घेतले नाहीत. घरी येऊन धुऊन पाहिले. ईरीच्या खड्यांपेक्षा ते अधिक जाड आणि ओबडधोबड, पण खाच तीच: पुढे रुंद डोके आणि मागे वाकलेली शेपटी अशी बेडकाच्या पिल्लाची आकृती. दोन खंडे आणि दोन महासागर मध्ये असताना एकाच कुळाची मोहोर दोन्ही दस्तऐवजांवर उमटलेली पाहून मला जो आनंद झाला, तो एखाद्या जुन्या वंशावळीत हरवलेली शाखा सापडल्याच्या आनंदाहून कमी नव्हता.

मासा मुका, अशी आपली समजूत. परंतु या कुळाने ती खोटी पाडली आहे. माशाच्या पोटात पाठीच्या कण्याखाली हवेने भरलेली एक पिशवी असते. शास्त्रकार तिला वाताशय म्हणतात, कोळी भोत म्हणतात. तिच्या दोन्ही बाजूंना विशिष्ट स्नायू असतात, आणि ते विलक्षण वेगाने आकुंचन पावू लागले की पिशवी घुमते, पखवाजाची पुडी घुमावी तशी. अमेरिकेतल्या त्या माशात हे स्नायू केवळ नराला असतात, आणि विणीच्या दिवसांत त्यांच्या थव्यांचा नाद पाण्याबाहेरही ऐकू येतो. मलाय किनाऱ्यावरचे जुने जाणकार कोळी तर पाण्यात डोके बुडवून या कुळातल्या माशांचा आवाज ऐकत आणि मगच जाळे टाकीत. रात्रीच्या लोकलने वसईची खाडी ओलांडताना, पाणजू बेटाच्या दोन्ही अंगांना काळोखात पसरलेले ते पाणी पाहून, चाकांच्या खडखडाटाखाली कुणी कुणाला साद घालत असेल काय, हा विचार तेव्हापासून माझी पाठ सोडीत नाही.

आणि ज्या अवयवाने हा मासा बोलतो, त्याच अवयवासाठी तो मारला जातो. घोळीचे मांस रुचकर खरेच, परंतु तिची खरी किंमत वाळवलेल्या भोताची. तो हाँगकाँग आणि चीनकडे जातो. तिथे त्याचे सूप आणि औषधे होतात, आणि मद्य नितळ करण्यासाठी लागणारा माशांचा सरसही अशाच वाताशयांपासून निघतो. 2021 च्या ऑगस्टमध्ये, मासेमारीबंदीचा काळ संपल्यावर, आमच्याच पालघर जिल्ह्यातल्या मुरबे गावच्या एका नौकेला दीडशेहून अधिक घोळी एकाच खेपेस लागल्या आणि लिलावात त्यांचे सव्वा कोटीच्या वर रुपये आले. कर्जात बुडालेल्या कोळ्याच्या घरी असे दान पडावे, याचा मत्सर कोणी करू नये. पण एकाच जाळ्यात एवढ्या घोळी सापडतात, त्या थव्याने फिरतात म्हणून. आणि जो थवा एका रात्रीत उचलला जातो, त्याची पुढची वीणही त्याच रात्री उचलली जाते.

भोत असा मोहोरांच्या भावाने जातो आणि कर्णाश्म कचऱ्यात पडतात. तो चुन्याच्या क्षारांचा खडा म्हणजे त्या जिवाचे संपूर्ण दप्तर आहे. पिल्लूपणी त्यावर दररोज एक सूक्ष्म थर चढतो. ती त्याची रोजकीर्द. पुढे ऋतूंच्या फेऱ्याबरोबर वर्षावर्षाची वलये उमटतात. तो त्याचा सालअखेरचा ताळेबंद. खडा कापून, घासून, सूक्ष्मदर्शकाखाली धरला की झाडाच्या बुंध्यावरून वय मोजावे तसे माशाचे वय मोजता येते. अमेरिकेतल्या त्या ढोलकऱ्यांपैकी काही सत्तरी ओलांडलेले निघाले, ते याच दप्तराच्या साक्षीने. आपण मात्र घोळीचा स्वर विकतो आणि तिची कैफियत उकिरड्यावर टाकतो.

2023 साली गुजरातने घोळीला राज्यमाशाचा मान दिला आणि महाराष्ट्राने पापलेटला. त्याच वर्षी आपल्या शासनाने 54 जातींच्या मासळीसाठी पकडण्याचे किमान आकारमानही ठरवून दिले. हुकूम योग्यच आहे. तथापि वायव्य किनाऱ्यावर घोळ आणि कोथ यांची आवक जुन्या काळच्या मानाने घटली आहे, आणि बारीक आसाच्या जाळ्यात अजूनही वीतभर पिल्ले येतात, कारण ती विकत घेणारे हात बाजारात आहेत. ते हात मुंबईहून दमून परतलेल्या, रुळांच्या पूर्वेस इमारतींत राहणाऱ्या आम्हा चाकरमान्यांचे आहेत.

म्हणून माझ्या शेजाऱ्यांपुढे ही एवढीच दरखास्त. पाटीतली वीतभर घोळ घेऊ नका. कोळिणीला तसे आदराने सांगा, तिला ते कळते. मोठी घ्याल तेव्हा डोक्यातले दोन दगड मागून घ्या, मुलांच्या तळहातावर ठेवा आणि त्यांना सांगा की हा मासा बोलत होता.