हळदीखालची थंडी

शुजाउद्दौल्याच्या पदरी असलेला काशीराज पंडित हा पानिपतच्या संग्रामाचा प्रत्यक्ष साक्षीदार. त्याने आपल्या फारसी वृत्तांतात असे नमूद करून ठेवले आहे की, १४ जानेवारी १७६१ रोजी मराठे छावणीबाहेर पडले तेव्हा त्यांच्या पागोट्यांचे शेव मोकळे सुटलेले होते आणि मरणाचा निश्चय दिसावा म्हणून त्यांनी हातांना व चेहऱ्यांना हळदीचा लेप दिला होता. इतिहासकारांनी ही नोंद वाचून पुढे सरकावे हे योग्यच. त्यांच्यापुढे तोफखाना, रसद, पत्रव्यवहार, भाऊसाहेबांचे निर्णय असा मोठा पसारा असतो. परंतु कोल्हापुरात चेहरे रंगवण्यावर ज्याची हयात गेली, तो माझ्यासारखा मनुष्य त्या एका वाक्यापाशीच अडकून पडतो. कारण ते वाक्य त्याच्या दृष्टीने इतिहास नसून हुकूम असतो, आणि त्याची तामिली उद्या सकाळी सहा वाजता, कॅमेरा लागण्यापूर्वी, करून दाखवायची असते.

हळद लावणे अवघड नाही. अवघड आहे ती तिच्याखालची कातडी. नोव्हेंबरच्या आरंभापासून ती छावणी पानिपतात अडकून पडली होती. डिसेंबरात गोविंदपंत बुंदेले मारले गेले आणि रसदेची उरलीसुरली आशा संपली. माणसे उपाशी होती, जनावरे मरत होती, आणि दक्षिणेतून सुती अंगरख्यांनिशी गेलेल्या लोकांवर उत्तरेचा पौष महिना कोसळला होता. आमच्याकडे जानेवारीत पारा चौदा-पंधरा अंशांवर उतरला की रंकाळ्यावर फिरणारे लोक कानटोपी शोधतात. तिकडे तो पाच-सात अंशांवर असतो आणि धुके दुपारपर्यंत हटत नाही. अशा चेहऱ्यावर हळद कशी बसेल, हा माझा प्रश्न आहे, आणि त्याने मला जेवढे छळले तेवढे कोणत्याही देवाच्या मुकुटाने किंवा राक्षसाच्या दाढीने छळले नाही.

हळदीने माखलेला चेहरा आम्हा कोल्हापूरकरांच्या डोळ्यांपुढे आहेच. पट्टणकोडोलीला विठ्ठल-बिरदेवाच्या यात्रेत भंडाऱ्याची उधळण होते तेव्हा माणसे, ढोल, छत्र्या, जमीन सारे एकरंगी होऊन जाते. पण त्या चेहऱ्यांना उन्हाचा घाम असतो, पोटात अन्न असते, अंगात ढोलाचा ठेका असतो. हळद तेथे ओलसर कातडीला बिलगते आणि तेज घेऊन उठते. पानिपतच्या शिपायाला तेच तेज दिले की तो मरायला निघालेला न दिसता लग्नाला निघालेला दिसतो. माझ्या समव्यवसायी मंडळींपैकी बहुतेकांनी तो तसाच रंगवला आहे, आणि पोस्टरवर तो सुंदर दिसला आहे.

थंडी रंगवण्याचे जे शिक्षण आम्हाला मिळाले ते परदेशी पुस्तकांतून झिरपत आलेले होते, आणि त्या पुस्तकांतील कातडी गोरी होती. नाक लाल करा, ओठांवर निळी छटा द्या, गालांवर जांभळट रेषा ओढा, असे ती सांगतात. सावळ्या मराठी कातडीवर थंडी निळी उमटत नाही. ती राखेसारखी उमटते. कातडीतील तेल आटते, वर पांढुरकी भुकटी दिसू लागते, नाकपुडीच्या कडेला आणि ओठांच्या कोपऱ्यांत ती आधी बसते, बोटांच्या पेरांवर बारीक भेगा पडतात, आणि डोळ्यांखालचा काळिमा तपकिरी न राहता मातकट होतो. हे मला कोणत्याही स्टुडिओने शिकवले नाही. हंगामाच्या दिवसांत पंचगंगेकाठच्या फडांत पहाटे ऊस तोडणाऱ्या, बीडकडून आलेल्या कामगारांचे हात मी वर्षानुवर्षे पाहत आलो, आणि कोयता पालटून धरताना त्यांच्या मुठीवर जी राखाडी छटा दिसते, तिच्या मागे लागलो.

आता अडचण अशी की, आमचे सारे सामान चकाकते. बेस कितीही कोरडा घ्या, दिव्यांखाली नटाला घाम येतो, घामाने तो उजळतो, आणि उजळलेली कातडी ही ऊबदार कातडी. मुलतानी माती चाळून लावली तर हसताना तिला चुकीच्या जागी तडा जातो. पावडरीचा थर दिला तर क्लोजअपमध्ये चेहरा चुन्याने सारवलेल्या भिंतीसारखा येतो. त्यावर हळद चढवायची म्हणजे संकट दुप्पट. तेलात कालवली की ती झळकते. आणि ज्या छावणीत जेवायलाही तेल-तूप उरले नव्हते, तेथे चेहऱ्यास माखायला ते कोठून येणार? म्हणून मी ती पाण्यात कालवली. पाण्यातली हळद कोरड्या कातडीवर सुकते, भेगांत साचते आणि उंचवट्यांवरून झडून जाते. हे झडणेच मला हवे होते. पण ते दुसऱ्या टेकला पहिल्यासारखे राहत नाही, आणि कंटिन्युइटी पाहणारा मुलगा माझ्याकडे हताशपणे पाहत उभा राहतो.

माझे गुरू जयप्रभा स्टुडिओत वाढलेले. रंगाची ही पीडा आपल्या वाट्याला आली नाही, याचे त्यांना समाधान असे. कृष्णधवल काळात पिवळा रंग ऑर्थोक्रोमॅटिक फिल्मवर काळवंडत असे आणि पुढे पँक्रोमॅटिकवर उजळ येऊ लागला, त्यामुळे हळद ही त्यांच्या लेखी केवळ करड्या रंगाची एक पायरी होती. बाबूराव पेंटरांनी १९२३ साली ‘सिंहगड’ काढला तेव्हा कृत्रिम प्रकाशाची योजना केली, हे आम्ही अभिमानाने सांगतो. परंतु तानाजी ज्या रात्री कडा चढला ती माघातली रात्र होती, आणि मावळ्यांच्या अंगावरची ती थंडी पुढील पिढ्यांतही आमच्या पडद्याने फारशी मनावर घेतली नाही. शौर्य दाखवायचे तर अंग तापलेलेच असले पाहिजे, अशी आमची एक परंपरागत समजूत आहे.

ही समजूत मोडणारे चित्रपट मला प्रिय आहेत. आयझेनस्टाइनने ‘अलेक्झांडर नेव्हस्की’मधील गोठलेल्या सरोवरावरची लढाई १९३८ च्या ऐन उन्हाळ्यात, कृत्रिम बर्फावर चित्रित केली, रशियासारख्या हिमदेशातील दिग्दर्शकाने खऱ्या हिवाळ्याची वाट पाहिली नाही, ही गोष्ट आम्हा कोल्हापुरी कारागिरांना धीर देणारी आहे. चेतन आनंदांनी उलट मार्ग धरला. त्यांचा ‘हकीकत’ १९६४ चा, लडाखमध्ये जाऊन केलेला. तेथील विरळ हवेने आणि उन्हाने नटांच्या चेहऱ्यांचे जे केले, ते कोणाही रंगभूषाकाराला साधले नसते. त्याच्या पाठीशी १८ नोव्हेंबर १९६२ चे रेझांग ला उभे आहे. १३ कुमाऊँचे मेजर शैतान सिंह आणि त्यांचे शंभराहून अधिक जवान तेथे पडले, आणि पुढच्या वर्षी बर्फ ओसरू लागल्यावर अनेकांचे देह शस्त्रे हाती धरलेल्या अवस्थेत सापडले. थंडी दाखव म्हटले की खांदे उडवून कुडकुडणाऱ्या प्रत्येक नटाला मी हे सांगतो. शरीराचे तापमान बत्तीस अंशांखाली उतरू लागले म्हणजे कापरेसुद्धा थांबते. कुडकुडणारा मनुष्य अजून पुष्कळ जिवंत असतो.

आशुतोष गोवारीकरांचा ‘पानिपत’ २०१९ साली आला. त्यातील भव्यता मी आदराने पाहिली. पण जानेवारीची भूक आणि गारठा मला त्यात हवा तेवढा मिळाला नाही, आणि माझ्या मनात लागलेली ही टोचणी शुद्ध कलाविषयक होती असे मी म्हणणार नाही. ते काम माझ्या हाती यावे अशी माझी तीव्र इच्छा होती. आता तर तोंडावाटे निघणारी वाफही संगणकावर काढतात. उपाशी माणसाचा श्वास आखूड असतो, धावून आलेल्याचा तुटक असतो. संगणकावर काढलेली वाफ मात्र हवालदारापासून सरदारापर्यंत सगळ्यांची एकाच मापाची. कातडीकडे निरखून पाहण्याची सवय सुटली म्हणजे असेच व्हायचे, आणि ती सुटत चालली आहे.

हे सगळे आज लिहावेसे वाटण्याचे कारण असे की, माझा उजवा हात आता कापतो. ओठांच्या कडेची भेग ओढायला लागणारी रेषा त्याच्याने स्थिर निघत नाही. सबब पानिपतच्या पहाटेचा एक प्रसंग हाती आला तेव्हा कुंचला माझ्या शिष्येकडे गेला. मुलगी कागल तालुक्यातील, तिच्या हाताला घाई नाही. राखेचा थर तिने माझ्या सांगण्याप्रमाणे दिला. हळदीची वेळ आली तेव्हा मी वाटी पुढे केली, आणि तिने कुंचला खाली ठेवला. “दादा, त्येंच्याजवळ आरसा कुठला?” एवढेच ती म्हणाली.

मग तिने बर्फाचे पाणी मागवले, नटांना बोटे बधिर होईपर्यंत हात त्यात बुडवायला लावले, आणि हळदीची वाटी त्यांच्याकडे देऊन एकमेकांचे चेहरे माखायला सांगितले. आखडलेल्या बोटांनी हळद सरळ फिरेना. कोणाची पापणी कोरी राहिली, कोणाच्या कानामागे गोळा बसला, एकाच्या गालावर दुसऱ्याच्या चार बोटांचे ओरखडे उमटले. पेरांवरून ती आपोआप झडली. खांदे कोणीही उडवले नाहीत, कारण सगळ्यांचे लक्ष समोरच्याच्या चेहऱ्यावर होते.

मी जे शोधत आलो होतो ते माझ्यासमोर उभे होते, आणि त्यात माझ्या हाताचा एकही ठसा नव्हता. आनंद झाला, हे खरे. पण त्याच्या आधी मत्सर झाला, हेही तितकेच खरे. रंगभूषाकाराने नटाला स्पर्शच करायचा नसेल तर त्याची विद्या ती कोणती, हा वाद मी त्याच संध्याकाळी तिच्याशी घातला, आणि राखेचा थर नसता तर ती हळद झडली नसती, हा माझा मुद्दा मी अजूनही मागे घेतलेला नाही. दिग्दर्शकांनी तो प्रसंग लाँगशॉटमध्ये घेण्याचे ठरवले तेव्हा क्लोजअपसाठी मी इतका आग्रह धरला की, युनिटातील मंडळींना तो वृद्धाचा हट्ट वाटला असेल. आम्ही दोघांनी केलेले ते चेहरे लोकांनी जवळून पाहावेत, अशी माझी इच्छा होती. आणि त्या ‘दोघांनी’मध्ये मी आपले नाव आधी धरतो. श्रेयनामावलीत कोणाचे नाव वर यावे याचा निकाल अजून लागायचा आहे. तिने त्याबद्दल मला एका शब्दाने विचारलेले नाही, आणि आपण होऊन तिचे नाव वर घालण्याइतके माझे मन अद्याप मोठे झालेले नाही.