चेहरा आमचा, गल्ला कोणाचा?

जून महिना आला की सौंदर्यप्रसाधनांच्या जाहिराती सप्तरंगी होतात. लिपस्टिक लावलेला दाढीवाला तरुण, काजळ घातलेली तृतीयपंथी मॉडेल आणि खाली एक ओळ, सौंदर्याला लिंग नसते. आमच्या ओळखीतले तरुण असे फोटो ग्रुपवर टाकतात आणि वाद पेटतो. एक म्हणतो, ही क्रांती आहे. दुसरा म्हणतो, ही भांडवलदारांची नौटंकी आहे. आम्हाला दोन्ही उत्तरे घाईची वाटतात. आधी अशा एका कंपनीचा इतिहास नीट पाहू.

१९८४ साली कॅनडातल्या टोरांटो शहरात फ्रँक टोस्कान आणि फ्रँक अँजेलो या दोघांनी मॅक ही कंपनी सुरू केली. टोस्कान मेकअप आर्टिस्ट आणि फोटोग्राफर, अँजेलो सलूनचा व्यवसाय करणारा. दोघे धंद्यात जोडीदार आणि आयुष्यातही जोडीदार. फोटोच्या प्रखर दिव्यांखाली टिकेल असा मेकअप बाजारात मिळेना, म्हणून त्यांनी स्वयंपाकघरात रंग घोटायला सुरुवात केली. सर्व वयांचे, सर्व वंशांचे, सर्व लिंगांचे लोक आमचे ग्राहक, असे या कंपनीने उघडपणे सांगितले. १९९४ मध्ये तिने व्हिवा ग्लॅम ही लिपस्टिक काढली. तिच्या विक्रीची सगळी रक्कम एड्सग्रस्तांसाठीच्या निधीला द्यायची, असे ठरले. जाहिरातीचा पहिला चेहरा होता रूपॉल, स्त्रीवेशात कला सादर करणारा कृष्णवर्णीय कलावंत. एड्सच्या रुग्णाला शिवायलाही लोक घाबरत होते, त्या काळातली ही गोष्ट आहे.

हे का घडू शकले? आमच्या मते उत्तर सोपे आहे. ज्यांना समाज काठावर ठेवत होता, तेच इथे मालकाच्या खुर्चीत होते. एड्सने मरणारी माणसे त्यांच्या ओळखीची, त्यांच्या व्यवसायातली होती. सर्वसमावेशकता त्यांना कोणा सल्लागाराकडून विकत घ्यावी लागली नाही. पुढे एस्टी लॉडर या बड्या अमेरिकन कंपनीने १९९४ मध्ये मॅकचा मोठा हिस्सा घेतला आणि १९९८ पर्यंत ती पूर्ण ताब्यात घेतली. निधी चालू राहिला, हे मान्य केले पाहिजे. पण त्यानंतर जगभरच्या कंपन्यांनी यातून जो धडा घेतला तो खुर्चीचा नव्हता, चेहऱ्याचा होता.

बाजार सगळ्यांना सामावून घेतो, यात शंका नाही. प्रश्न असा, की कशात सामावून घेतो? आपल्या देशात १९७५ पासून बायकांना गोरे करण्याचे क्रीम विकले गेले. २००५ मध्ये पुरुषांना गोरे करण्याचे क्रीम आले. म्हणजे काळ्या रंगाची लाज आता स्त्री-पुरुष दोघांनाही समान वाटली गेली! याला समता म्हणायचे का?

काही कार्यकर्ते म्हणतील, लिपस्टिक-पावडर हा आपल्या चळवळीचा विषयच नाही. त्यांनी महाड आठवावे. डिसेंबर १९२७ मध्ये मनुस्मृती दहनानंतर बाबासाहेबांनी तिथल्या स्त्रियांना लुगडे नेसण्याची पद्धत बदलायला आणि जातीची खूण सांगणारे दागिने टाकायला सांगितले. अंगावर काय घालायचे, कसे दिसायचे, हे ठरवण्याचा हक्क कोणाकडे आहे यावर माणसाची पायरी ठरते, हे त्यांनी ओळखले होते. तृतीयपंथी व्यक्तीच्या काजळाचा प्रश्न याच जातकुळीचा आहे.

आम्ही ज्या वस्तीत काम करतो तिथे ब्युटी पार्लरचा कोर्स हा दहावी-बारावी झालेल्या मुलींच्या कमाईचा पहिला रस्ता आहे. वस्तीतली एक तृतीयपंथी मुलगी आमच्याकडे आली, आपल्याच समाजातली. तिचा हात इतका साफ, की लग्नसराईत नवरी सजवायला बायका तिलाच बोलावतात, पण मागच्या दाराने. तिला प्रमाणपत्र हवे होते. आम्ही तिला एका प्रशिक्षण केंद्रात घेऊन गेलो. फॉर्मवर स्त्री, पुरुष, इतर असे तीन रकाने होते. तिने 'इतर'वर खूण केली. मॅडम गोड आवाजात म्हणाल्या, "आमची काही हरकत नाही हो, पण बॅच मुलींची आहे, पालक काय म्हणतील?" रकाना होता, जागा नव्हती. आजही ती पार्लरच्या चौथाई पैशांत नवरी सजवते.

मुंबईच्या सिनेसृष्टीत तर उलटी तऱ्हा होती. मेकअप आर्टिस्टांच्या संघटनेत बाईला सदस्यत्वच नव्हते. तिने केस सजवायचे, चेहरा रंगवायचे काम पुरुषाचे. कारण काय, तर बायका आल्या तर पुरुषांची रोजीरोटी जाईल. चारू खुराना यांनी लढा दिला आणि नोव्हेंबर २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही बंदी घटनाबाह्य ठरवली. ध्यानात घ्या, सगळी लिपस्टिक बाईच्या नावाने विकली जात होती, आणि तीच लिपस्टिक लावून देण्याच्या कामावर पुरुषांचा पहारा होता. हा पहारा जाहिरातीने उठला नाही, घटनेने उठला.

त्याच वर्षी एप्रिलमध्ये नालसा निकालाने तृतीयपंथीयांना स्वतःची लिंगओळख स्वतः ठरवण्याचा हक्क दिला आणि त्यांना मागास समजून आरक्षण देण्याचे निर्देश दिले. पण दलित तृतीयपंथी व्यक्तीला सरसकट ओबीसीत टाकले तर तिचा अनुसूचित जातीचा हक्क जातो. म्हणून प्रत्येक प्रवर्गात समांतर आरक्षण हवे, ही मागणी आहे. कर्नाटकने २०२१ मध्ये नोकरभरतीत असे १ टक्का आरक्षण दिले. महाराष्ट्रातही हाच आग्रह धरायला हवा.

तेव्हा यापुढे सप्तरंगी जाहिरात दिसली की टाळ्याही नकोत आणि शिव्याही नकोत. प्रश्न विचारा. या कंपनीच्या काउंटरवर किती तृतीयपंथी पगारावर आहेत? संचालक मंडळात कोण आहे? चमकीतला अभ्रक झारखंडच्या कोडरमा-गिरिडीह भागात कोणाच्या मुलांनी वेचला? आणि आपल्या वस्तीतल्या पार्लरच्या कोर्सला 'इतर' रकान्यातल्या मुलीला प्रवेश मिळतो का? शेवटच्या प्रश्नासाठी टोरांटोला जावे लागत नाही. तो अर्ज हातात घेऊन तिच्यासोबत उभे राहण्याचे काम आपले आहे.

जय भीम!