‘मोअर बेटर’

वीसएक वर्षांपूर्वी मराठीच्या अधिव्याख्यातापदासाठी मी एका महाविद्यालयात मुलाखत दिली. ज्ञानेश्वरी झाली, नवकथा झाली. मग समितीतील एका सदस्यांनी एकाएकी इंग्रजीत विचारले, कविता शिकवताना आधी वाचन करावे की अर्थ सांगावा? मी उत्साहाने म्हणाले, ‘रीडिंग फर्स्ट इज मोअर बेटर, सर.’ टेबलापलीकडे हलकेसे हसू पसरले. कुणी काही बोलले नाही. पुढचा प्रश्न मात्र मराठीत आला, आणि त्यामागचा समजूतदारपणा मला हसण्यापेक्षा अधिक लागला. नोकरी मिळाली नाही. ती त्या दोन शब्दांमुळे गेली असे म्हणणे अन्यायाचे होईल. पण मी कित्येक वर्षे तसेच मानत आले.

त्या रात्री शाळेतले इंग्रजी व्याकरण पुन्हा उघडले. नियम अवघड नव्हता. मराठीत तुलनेसाठी विशेषणाला हात लावावा लागत नाही. ‘हा डोंगर त्या डोंगरापेक्षा उंच आहे’ या वाक्यात सारा भार ‘पेक्षा’ उचलतो. ‘उंच’ जागचा हलत नाही. इंग्रजीत ‘दॅन’ असूनही विशेषणाला बदलावे लागते आणि त्याचे दोन मार्ग आहेत. आखूड शब्दाला ‘अर’ जोडायचा : टॉल-टॉलर, इझी-इझियर. लांब शब्दापूर्वी ‘मोअर’ ठेवायचा : मोअर ब्यूटिफुल. ‘क्लेव्हर’, ‘नॅरो’ असे काही शब्द दोन्ही मार्गांनी जातात. ‘गुड’चे ‘बेटर’ होते ते कोणत्याच मार्गाने नाही. मात्र एका वेळी एकच मार्ग घ्यायचा. मी दोन्ही घेतले होते.

आखूड-लांब ठरवायचे ते कानाने. ‘स्ट्रेट’ देवनागरीत दोन अक्षरांचा दिसतो, इंग्रजी लिपीत तर आठ. पण उच्चारात स्वर एकच, म्हणून ‘स्ट्रेटर’. वृत्त शिकवताना ‘घर’ची दोन अक्षरे मोजणाऱ्या आपल्याला हे जरा वेगळे वाटते. बोलताना मात्र आपणही ‘घर’ एकाच दमात म्हणतो.

पुढे कळले की ‘मोअर बेटर’ हा प्रयोग शेक्सपिअरच्या ‘द टेम्पेस्ट’मध्ये आहे. त्या काळात तुलनेवर जोर देण्यासाठी अशी दुहेरी रूपे सर्रास वापरली जात. रॉबर्ट लाउथने १७६२ साली प्रसिद्ध केलेल्या इंग्रजी व्याकरणात ती अयोग्य ठरवली, आणि पुढच्या शालेय व्याकरणांनी तोच दंडक चालवला. माझी चूक चूकच होती. पण ती अडाणीपणाची खूण नव्हती. ज्याचे रूप झिजून गुळगुळीत झाले आहे, त्या शब्दावर पुन्हा वजन ठेवावेसे वाटणे हा भाषेचा जुनाच स्वभाव आहे.

एवढे कळूनही एक दिवस मी तेच केले. एका विद्यार्थिनीने तुकारामांवरील उत्तरात ‘सर्वांत श्रेष्ठतम’ असे लिहिले होते. मी ते वर्गात मोठ्याने वाचले. ‘अगं, तीनदा तुलना? किती वर चढवशील?’ वर्ग हसला. तिने वही मिटली. ती मान खाली घालण्याची रीत मला ओळखीची वाटली.

घरी आल्यावर मोजू लागले. ‘श्रेष्ठ’ हे मुळातच ‘सर्वांत चांगला’ या अर्थाचे रूप. पाणिनीच्या हिशेबाने ते ‘प्रशस्य’पासून झाले आहे, ‘गुड’चे ‘बेटर’ व्हावे तसे, मूळ शब्दाचा मागमूस न ठेवता. तरीही शुक्ल यजुर्वेदाच्या पहिल्याच मंत्रात त्याला ‘तम’ जोडून ‘श्रेष्ठतम’ केलेले आहे. ‘ज्येष्ठ’ आणि ‘कनिष्ठ’ हीदेखील अशीच रूपे. आपण ‘अधिक ज्येष्ठ’ म्हणताना अडखळत नाही. ‘स्वादिष्ठ’ म्हणजे सर्वांत गोड. त्यातला ‘इष्ठ’ आणि इंग्रजी ‘स्वीटेस्ट’मधला ‘एस्ट’ एकाच मुळातून आले आहेत. ‘स्वादु’ आणि ‘स्वीट’ हेही सगोत्रच. म्हणजे ‘आजची भाजी अधिक स्वादिष्ट झाली आहे’ असे म्हणणारी मी रोजच्या जेवणात ‘मोअर स्वीटेस्ट’ म्हणत होते आणि ताटावर कुणी हसत नव्हते.

दुसऱ्या दिवशी वर्गात प्रथम माझ्या मुलाखतीची गोष्ट सांगितली, मग ‘श्रेष्ठ’ची. ती मुलगी हसली नाही, पण वही उघडून लिहून घेऊ लागली. तिच्या उत्तरातील ‘सर्वांत’ आणि ‘तम’खाली मी ओढलेल्या लाल रेघा तशाच राहिल्या. परीक्षेत, मुलाखतीत, अर्जात तिला प्रमाण रूपच लागणार आहे, आणि ते शिकवणे हे माझे काम आहे. त्यानंतर मात्र कुणाचीही चूक मी वर्गात मोठ्याने वाचलेली नाही.