केसलापूरच्या वाटेवर

पांढरकवड्याहून दक्षिणेकडे जाणारा हमरस्ता पाटणबोरी मागे टाकून पैनगंगा ओलांडतो आणि प्रवासी महाराष्ट्रातून आदिलाबाद जिल्ह्यात येतो; परंतु दुकानांच्या पाट्यांवरील लिपी बदलली एवढे सोडले तर काळी जमीन तीच, कापसाच्या गाड्या त्याच आणि बाजारात कानी पडणारी मराठीही बरीचशी तीच. निजामाच्या अमदानीत किनवट आणि राजुरा हे तालुके याच जिल्ह्यात मोडत असत. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत ते तोडून मुंबई राज्याला जोडले गेले, आणि जिथे माणसांची सोयरीक होती तिथे दप्तरी सरहद्द उभी राहिली.

या प्रवासाची प्रेरणा दूरदेशीची होती. वेल्समधील कोळशाच्या खोऱ्यांत गेल्या दीडशे वर्षांत पुरुषांचे जे गायकवृंद उदयास आले, त्यांच्याविषयी मी काही काळ वाचीत होतो. ट्रीऑर्कीचा प्रख्यात वृंद १८८३ चा. दिवसभर भूगर्भात कुदळ चालविणारे हे खाणकामगार सायंकाळी प्रार्थनामंदिरात जमत, जॉन कर्वेन याने लोकप्रिय केलेल्या अक्षरस्वरलिपीच्या साहाय्याने चार निरनिराळे स्वरप्रवाह शिकत, आणि स्पर्धांच्या मंडपात खोऱ्याखोऱ्यांच्या अभिमानाचा निवाडा होत असे. हे वाचताना मनात येई की, श्रमाने वाकलेल्या पुरुषांच्या कंठात एका समाजाची स्मृती साठविण्याचे असे कार्य आपल्या मुलखात कोणी केले? वारकऱ्यांची भजनी मंडळे तत्काळ आठवतात, आणि ती योग्यही आहेत; परंतु ज्यांच्यावाचून एका संपूर्ण जमातीला आपले कुल आणि आपले दैवत सांगताच येणार नाही असे गायक पाहावयाचे, तर आदिलाबादेत गोंडांच्या कथा गाणाऱ्या प्रधानांकडेच गेले पाहिजे, या निश्चयाने पौषी अमावास्येच्या सुमारास मी निघालो.

गुडीहतनूरला हमरस्ता सोडून पूर्वेकडे वळले की इंद्रवेल्ली लागते. २० एप्रिल १९८१ रोजी येथे जमलेल्या गोंडांवर पोलिसांनी गोळीबार केला होता. त्या मृतांच्या स्मारकापाशी क्षणभर थांबून मी केसलापूर गाठले. नागोबाचे हे स्थान मेश्राम कुळाचे, आणि मेश्राम हे गोंडांच्या सात भावांच्या शाखेतले. चार, पाच, सहा आणि सात भाऊ अशा शाखांत येथील राजगोंडांची कुळे विभागली आहेत आणि एकाच शाखेत विवाहसंबंध होत नाहीत. येथे पौषी अमावास्येला भरणाऱ्या नागोबाच्या जत्रेपूर्वी मेश्राम मंडळी पायी चालत जाऊन जन्नारम भागातल्या गोदावरीच्या डोहातून झारीत पाणी आणतात, आणि अमावास्येच्या रात्री महापूजेस त्याच पाण्याचा उपयोग होतो.

प्रधान मला वडाखाली उतरलेल्या मेश्रामांच्या तळाशेजारी भेटले. मुख्य गायकाच्या हाती किकरी, म्हणजे गजाने वाजवावयाचे तीन तारांचे वाद्य. जवळच पेपरे या सनईसारख्या वाद्याचा धनी आणि ढोलवाला. गोंड या गायकांना पटाडी म्हणतात. मुख्य गायक कथेचे चरण गात पुढे जाई, साथीदार शेवटचा भाग उचलून त्याला आधार देत, आणि त्या अवकाशात किकरीचा स्वर पुढच्या चरणाची वाट मोकळी करी. वेल्समधील वृंदाप्रमाणे येथे चार स्वरांची गुंफण नाही. एकच स्वररेषा आहे, परंतु ती रात्र रात्र तुटत नाही, आणि गोंडकथांतील आदिनायक पहांडी कुपार लिंगालापासून कुळदेवतेपर्यंतचा सारा वृत्तांत तिच्यावर तोललेला असतो. कोणत्या कुळाने कोणते दैवत स्वीकारले, कोणाशी सोयरीक होते आणि कोणाशी होत नाही, याचे प्रमाण म्हणून गोंड मंडळी ही कथा ऐकतात.

गाणे थांबल्यावर वृद्ध मुख्य गायकांनी साथीदाराकडे तंबाखू मागितली, ती मराठीत! आदिलाबादच्या प्रधानांची घरची बोली मराठी आहे, हे वाचून ठाऊक असूनही मी चकित झालो. मी विचारले तेव्हा ते म्हणाले, ‘घरी आमी मराठीच बोलतो साहेब, पन देवाची कथा गोंडीतच सांगा लागते.’ मराठीभाषक पुरुषांनी पिढ्यान्‌पिढ्या गोंडांचे महाकाव्य कंठस्थ ठेवावे, आणि त्याची वार्ता आमच्या वाङ्मयाच्या इतिहासांत क्वचितच आढळावी, ही उपेक्षा मला फार लागते.

अपवाद आहेत, आणि ते थोर आहेत. शिवकालाचे इतिहासकार सेतुमाधवराव पगडी हैदराबाद संस्थानच्या मुलकी नोकरीत असताना या जिल्ह्यात रमले, गोंडी शिकले, गोंडी व कोलामी भाषांची व्याकरणे त्यांनी लिहिली. १९४० साली जोडेघाटला गोंडांच्या उठावाचा पुढारी कोमुरम भीम मारला गेल्यानंतर निजाम सरकारने गोंडांच्या असंतोषाची कारणे शोधण्याचे काम ज्यांच्याकडे सोपविले, ते ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ मारलवाईला झोपडी बांधून राहिले. जत्रेतला अधिकाऱ्यांचा दरबार त्यांच्याच पुढाकाराने चाळीसच्या दशकात सुरू झाला, आणि १९४८ च्या त्यांच्या ग्रंथात प्रधानांच्या या कथा छापून निघाल्या. परंतु छापील पान कितीही मोलाचे असले तरी ते मर्तिकाच्या घरी जाऊन बसू शकत नाही.

कारण ही गायकी यजमानकृत्याला बांधलेली आहे. प्रत्येक प्रधान घराण्याची गोंड यजमानघरे वंशपरंपरेने ठरलेली. देवकार्य वा मर्तिक झाले की प्रधानाने जावे, गावे, आणि यजमानाने धान्य, वस्त्र, कधी गुरेढोरे द्यावीत. वेल्सच्या गायकांना खाण पोशी आणि गाणे हौसेचे होते. इथे गाणे हाच हक्क आणि हीच चाकरी. खाणी बंद झाल्यावरही ट्रीऑर्कीचा वृंद गात राहिला, कारण सायंकाळी जमणारे शेजारी तेवढे पुरेसे होते. प्रधानांची गोष्ट अधिक अवघड आहे. यजमानाच्या घरी धान्य उरले नाही, किंवा शहरात नोकरी करणाऱ्या मुलाला आपल्या कुळाची कथा मागावीशी वाटली नाही, तर किकरी कोणासाठी वाजवायची?

हाच प्रश्न मी वृद्ध गायकांच्या तरुण पुतण्याला केला. तो आश्रमशाळेत शिकवतो, किकरी काकांकडून शिकला आहे, आणि सुट्टीत त्यांच्याबरोबर हिंडतो. त्याने सांगितले की त्यांची काही यजमानघरे आता किनवट तालुक्यात, म्हणजे महाराष्ट्रात आहेत. सरहद्द झाली तरी देणेघेणे चालू आहे. काका दमले की शेवटचे चरण तोच गातो, असेही तो म्हणाला. एवढ्यात मेश्रामांकडून बोलावणे आले, वृद्ध गायकांनी ‘चल रे पोरा’ म्हणून हाक दिली, आणि किकरीच्या तारा पिळीत तो उठला.