तरवड

तरवड हे झुडूप. तो सहसा कंबरेएवढा वाढतो, कधी पुरुषभर. मुरमाड माळ त्याला पुरतो. गुरे सहसा तोंड लावत नाहीत, म्हणून चराईच्या रानातही तो टिकून होता.

फुले पिवळी, झुबक्यांनी येतात. त्यांत मध नसतो. परागकोशांना टोकाशी बारीक छिद्रे असतात. काळा भुंगा फुलाला धरून अंग थरथरवतो, तेव्हा पराग झडतात. माळ नांगरला की भुंग्यांची ही ये-जा थांबते.

नवरात्रात घटावर रोज एक माळ चढते. मराठवाड्यात आणि सोलापूरकडे ती तरवडाच्या फुलांची असे. पोरे सकाळी रानात जात, ओटीभर फुले खुडत, घरी बसून ओवत. आता बहुतेक झेंडूची असते. झेंडू किलोवर मिळतो.

शेजारच्या तेलंगणात बतुकम्मा सणाला फुलांची जी रास रचतात, तीत ही फुले असतात. २०१४ मध्ये तरवडाचे फूल तिथले राज्यफूल झाले.

कातडे कमावायला तरवडाची साल लागे. साल काढणारे होते, वाळवून भारे बांधणारे होते, ती कुटून कुंडात टाकणारे होते. मग दक्षिण आफ्रिकेतून वॉटल या झाडाची साल आली. कातडे कमावायला क्रोमचे क्षारही आले. बऱ्याच गावांतली कुंडे बुजली. त्या कामाचे हात दुसरीकडे गेले, त्यांची मुले शहरात.

कोवळ्या काडीचे दातवण करत. ते गेले, त्याला बराच काळ झाला.

रस्ते चौपदरी झाले. कडेची झुडपे पहिल्याच दिवशी जेसीबीखाली गेली. दुभाजकात कण्हेर आली.

उघडा माळ सरकारी नोंदीत पडीक ठरतो. पडीक म्हणून तिथे झाडे लावायची. खड्डे घेण्याआधी जमीन साफ केली जाते, आणि साफ होते ते तरवडासारखे झुडूप. त्या जागी गिरिपुष्प येते, सुबाभूळ येते. दोन्ही मध्य अमेरिकेकडची. कागदावर हिरवाई वाढते.

तरवड नामशेष झालेला नाही. रेल्वेच्या हद्दीत आहे, खाणींच्या काठाला आहे, न विकलेल्या प्लॉटमध्ये आहे. फुलांचे चूर्ण पाकिटातून ऑनलाइन मिळते.

लचकलेल्या पायावर त्याचा पाला ठेचून, गरम करून बांधत. तो पाला ओळखणारी म्हातारी माणसे काही गावांत अजून आहेत. त्यांना माळापर्यंत चालवत नाही.