धबधबा पुरे, आता पायाखाली बघा!

जुलै उजाडला की ऑफिसच्या ग्रुपवर हमखास मेसेज येतो, ‘वीकेण्डला कुठे?’ आणि उत्तरही ठरलेलं, तुंगारेश्वर! विरार लोकलने वसई रोडला पूर्वेला उतरायचं, रिक्षा पकडायची, हायवे ओलांडला की जंगल सुरू. ओढे तुडवत महादेवाच्या देवळापर्यंत जायचं, धबधब्यात भिजायचं, फोटो काढायचे आणि घरी. पण सुमारे ८५ चौरस किलोमीटरचं हे जंगल २००३ पासून अभयारण्य आहे, ते काही आपल्या आंघोळीसाठी नाही!

इथले खरे पावसाळी रहिवासी म्हणजे उभयचर. त्यांची तीन घराणी. बेडूक तर सगळ्यांच्या ओळखीचे. दुसरे सॅलमँडर. दिसायला पालीसारखे, पण नात्याने बेडकाचे भाऊबंद. ते बघायचे तर थेट दार्जिलिंगच्या डोंगरात जावं लागतं. तिथे जोरपोखरीला त्यांच्यासाठी खास अभयारण्य आहे. सह्याद्रीत सॅलमँडर नाही.

हिरमुसू नका, तिसरं घराणं आपल्याकडे आहे. देवगांडूळ! पाय नाहीत, अंगावर वळ्या, मुक्काम ओल्या मातीत. डोळा आणि नाकपुडीच्या मध्ये छोटीशी स्पर्शिका, तिच्या आधाराने तो अंधारात वाट काढतो. एका जातीच्या तर शास्त्रीय नावातच मुंबई आहे, इक्थिओफिस बॉम्बेएन्सिस. एडवर्ड टेलर या अमेरिकन संशोधकाने १९६० मध्ये तिचं बारसं केलं. या कुळातली मादी मातीत अंडी घालते आणि त्यांना वेटोळं घालून राखण करते. आपण मात्र ‘साप, साप’ म्हणत काठी उगारतो. बिचाऱ्याचा गुन्हा काय, तर दिसणं!

तुंगारेश्वर हा याच सह्याद्रीचा वसईच्या दारात आलेला फाटा. इथला बेडूक कातडीतून श्वास घेतो, पाणीही कातडीतूनच शोषतो. म्हणजे ओढ्यात तुम्ही शॅम्पू केला की तो थेट त्याच्या अंगात. तुमचं पाच मिनिटांचं फ्रेश होणं त्याला महागात पडतं. त्यात ओल्या रस्त्यावर बाइक दामटली, तर टायरखाली कोण आलं हे कळतही नाही.

तेव्हा जरूर जा. धबधब्यावर बंदीहुकूम नाही ना, एवढं आधी विचारून घ्या. साबण घरी ठेवा, वेफर्सचं पाकीट परत आणा, दगड उलटेपालटे करू नका. आणि ओल्या पाचोळ्यात काही वळवळलं तर एक पाऊल मागे घ्या. घर त्याचं आहे, पाहुणे आपण!